यात कॉम्प्युटर कुठे आहे? : इंदूरच्या एका एमएससी प्रकल्पाचा प्रकरण अभ्यास

इंदूरमधल्या एका कॉलेजात एमएससी रसायनशास्त्राच्या शेवटच्या वर्षाला असलेल्या एका मुलीने प्रकल्पासाठी विषय घेतला होता 'आण्विक लॉजिक गेट', म्हणजे ठरावीक पदार्थ आहेत की नाहीत यावरून चमकून 'हो' किंवा 'नाही' सांगणारा रेणू. प्रस्तावाच्या बैठकीत समितीतल्या एका सरांनी विचारलं, "यात कॉम्प्युटर कुठे आहे?" शेजारी बसलेल्या मॅडमनी लगेच पुस्ती जोडली, "आणि हा सेन्सर असेल, तर पीएच पेपरपेक्षा यात वेगळं काय?" मुलीला दोन्हीपैकी एकाचंही उत्तर देता आलं नाही. प्रस्ताव परत आला आणि दोन आठवड्यांत सुधारून आणायला सांगितलं गेलं.

मी या शहरात बरीच वर्षं रसायनशास्त्र शिकवलं. मुलीचे बाबा ओळखीचे. ते रामबागेकडच्या एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये टेक्निशियन आहेत. त्यामुळे ती फाइल घेऊन माझ्याकडे आली. पुढचं सगळं तिच्या परवानगीने लिहितो आहे. नावं मुद्दाम टाळली आहेत.

विषय आला कुठून

हा विषय तिला सुचला तो एका रसायनशास्त्रज्ञाच्या कामावरून. ए. प्रसन्न डिसिल्वा. मूळचे श्रीलंकेचे, कोलंबो विद्यापीठाचे विद्यार्थी. पीएचडी उत्तर आयर्लंडमधल्या बेलफास्टच्या क्वीन्स विद्यापीठात केली, मग शिकवायला परत कोलंबोला गेले आणि 1986 मध्ये पुन्हा बेलफास्टला आले ते तिथेच राहिले. तिच्या फाइलमध्ये डिसिल्वांबद्दल चार पानं होती, पण सगळी 1993 पासून सुरू होणारी. त्या वर्षी जुलैमध्ये 'नेचर'मध्ये डिसिल्वा, निमल गुणरत्ने आणि कॉलिन मॅकॉय यांचा अडीच-तीन पानांचा निबंध आला आणि एका रेणूला 'अँड गेट' (दोन्ही गोष्टी असतील तरच 'हो') म्हणता येतं हे पहिल्यांदा स्वच्छपणे मांडलं गेलं. तिने इथून सुरुवात केली, म्हणून समितीने कॉम्प्युटर मागितला. यात समितीची फारशी चूक नाही.

गोष्ट सुरू होते 1985 ला, कोलंबोत. डिसिल्वा आणि त्यांचे विद्यार्थी रूपसिंघे यांनी पीएच दाखवणारा एक चमकणारा रेणू केला. रचना अगदी साधी, तीन तुकड्यांची. एका टोकाला अँथ्रासीन, म्हणजे अतिनील प्रकाश पडला की निळा चमकणारा भाग. दुसऱ्या टोकाला अमाइन, म्हणजे आम्लातला प्रोटॉन पकडणारा भाग. मधे एक छोटा कार्बनचा दुवा, दोघांना जोडणारा आणि तरीही वेगळं ठेवणारा. प्रकाश पडला की अँथ्रासीनमधला इलेक्ट्रॉन वर उडी मारतो आणि खाली जागा रिकामी होते. अमाइनच्या नायट्रोजनवर दोन इलेक्ट्रॉन मोकळे असतात. त्यातला एक दुव्यापलीकडे उडी मारून ती जागा भरतो, आणि वर गेलेल्या इलेक्ट्रॉनला प्रकाश देत खाली यायला वाटच उरत नाही. रेणू काळा राहतो. आम्ल घातलं की प्रोटॉन त्या मोकळ्या जोडीवर बसतो, उडी थांबते, रेणू चमकतो.

यातली खरी किमया त्या दुव्यात आहे. तुकडे वेगवेगळे असल्यामुळे एक बदलला तरी बाकीचे आपलं काम तसंच करतात. अमाइन काढून तिथे क्राउन इथर, म्हणजे धातूचा आयन पोटात धरणारं कड्यासारखं रसायन, लावा, सोडियम किंवा पोटॅशियम पकडणारा रेणू तयार. क्राउन इथर पेडरसेन यांनी 1967 मध्ये जगापुढे आणले आणि 1987 मध्ये त्यांना क्रॅम व लेन यांच्यासोबत नोबेल मिळालं. डिसिल्वांनी अल्कली धातूंसाठी असा चमकणारा क्राउन इथर 1986 मध्येच प्रसिद्ध केला होता. मग 1993 मध्ये त्यांनी एकाच अँथ्रासीनला दोन्ही लावलं : एका बाजूला अमाइन, दुसऱ्या बाजूला बेंझो-15-क्राउन-5 हा सोडियम पकडणारा क्राउन इथर. आता इलेक्ट्रॉन येण्याच्या वाटा दोन झाल्या. नुसतं आम्ल घातलं तर एक वाट बंद, दुसरी उघडी, अंधार. नुसतं सोडियम घातलं तरी अंधार. दोन्ही घातल्यावर उजेड.

म्हणजे आठ वर्षांत रसायन फारसं बदललं नव्हतं. कोलंबोतला सेन्सर आणि 'नेचर'मधलं गेट यांच्यात एका पकडीचा फरक. बदल झाला तो त्या रेणूकडे पाहण्यात. तिच्या प्रस्तावात नेमकी हीच आठ वर्षं गाळलेली होती.

बाबांचा नियम

पहिल्या संध्याकाळी मी तिला काहीच लिहायला लावलं नाही. तिच्या बाबांना बोलावलं आणि विचारलं, "पोटॅशियमचा रिपोर्ट हाय आला तर तुम्ही काय करता?"

"सर, आधी ट्यूब बघतो," ते म्हणाले. "सिरम लालसर दिसलं की समजतो, सॅम्पल हिमोलाइज झालंय. रिपोर्ट सोडत नाही, पुन्हा रक्त मागवतो. सिरम स्वच्छ असेल आणि तरी पोटॅशियम सहाच्या वर असेल, तर मात्र सरळ डॉक्टरांना फोन."

ज्यांचा लॅबशी संबंध नाही त्यांच्यासाठी : सिरममध्ये, म्हणजे रक्त गोठल्यावर वेगळ्या होणाऱ्या स्वच्छ द्रवात, पोटॅशियम साधारण 3.5 ते 5 मिलिमोल प्रति लिटर असतं आणि सोडियम 135 ते 145. पेशींच्या आत मात्र उलटा हिशेब, पोटॅशियम भरपूर. रक्त काढताना सुई बारीक असली, सिरिंज जोरात ओढली किंवा ट्यूब हलवली की तांबड्या पेशी फुटतात, आतलं पोटॅशियम बाहेर येतं आणि रिपोर्टमध्ये आकडा खोटा चढतो. पेशी फुटल्याची खूण म्हणजे सिरमला आलेला लाल रंग. खोट्या आकड्यावर विश्वास ठेवून उपचार सुरू केले तर पंचाईत, आणि खरंच वाढलेलं पोटॅशियम खोटं समजून सोडून दिलं तर हृदय बंद पडू शकतं.

मी तिला एवढंच म्हटलं, "बाबांनी आत्ता जे सांगितलं त्याचा सत्यता-तक्ता मांड, म्हणजे प्रत्येक शक्यतेपुढे तिचं उत्तर लिही." तिने मांडला. पोटॅशियम जास्त नाही, सिरम लाल नाही : फोन नाही. जास्त नाही, लाल आहे : फोन नाही. जास्त आहे, लाल आहे : फोन नाही. जास्त आहे, लाल नाही : फोन. चारपैकी एकाच ओळीत 'एक', म्हणजे 'हो'; बाकी तिन्हींत 'शून्य', म्हणजे 'नाही'. लॉजिकमध्ये याला 'इनहिबिट' म्हणतात : पहिली गोष्ट हवी, पण दुसरी असली तर रद्द.

बाबा हसले. "म्हणजे मी रोज कॉम्प्युटरचं काम करतोय म्हणायचं!"

चेष्टेत म्हणाले, पण समितीच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर त्यातच होतं. मशीन आकडा देतं. आकड्यावरून 'फोन करायचा की नाही' हे ठरवणं ही गणना, आणि ती बाबांच्या डोक्यात होते. जॉर्ज बूल यांनी 1854 मध्ये आयर्लंडच्या कॉर्कमध्ये प्राध्यापक असताना जे बीजगणित मांडलं त्यात सिलिकॉनचा उल्लेख असणं शक्यच नव्हतं. हो आणि नाही यांची जुळणी ज्या कशात करता येते, ते सगळं त्या बीजगणिताला चालतं. (एक बूल आयर्लंडच्या दक्षिणेला, एक डिसिल्वा त्याच बेटाच्या उत्तरेला. योगायोग आहे, त्यातून काही सिद्ध होत नाही, पण मला आवडतो.)

कुनैनच्या नळ्या

बोलणं पुरे झालं, आता काहीतरी दाखवायला हवं होतं. दोन आठवड्यांत नवा रेणू बनवणं अशक्य. अँथ्रासीनवर क्राउन इथर चढवायचं तर तिच्या कॉलेजात ना सामान, ना वेळ. विभागाच्या कपाटात कुनैन सल्फेटची बाटली मात्र होती. कुनैनच्या द्रावणाची निळी झाक हर्शेल यांनी 1845 मध्ये नोंदवली आणि 1852 मध्ये स्टोक्स यांनी तिचा उलगडा केला. आम्लात कुनैन जोरात चमकतं, आणि क्लोराइड आलं की ती चमक विझते. म्हणजे आम्ल हा पहिला इनपुट, क्लोराइड हा दुसरा, निळा उजेड हा आउटपुट. तक्ता बाबांच्याच नियमाचा.

तिने चार नळ्या लावल्या. पहिल्याच दिवशी गडबड झाली. जी नळी झगमगायला हवी होती, नुसत्या आम्लाची, ती मंद. लॅब असिस्टंट शेजारून बघत होता. तो म्हणाला, "मॅडम, ये तो बुझ गया।" तिला वाटलं बाटली जुनी आहे, कुनैन खराब झालंय. फोनवर मी विचारलं, आम्ल कुठलं घातलंस? हायड्रोक्लोरिक, 0.1 मोलर.

तिथेच सापडलं. हायड्रोक्लोरिक आम्ल घातलं की प्रोटॉन आणि क्लोराइड जोडीनेच येतात. तिने पहिला इनपुट 'एक' केला तेव्हा दुसराही नकळत 'एक' झाला. क्लोराइड साधारण 10 मिलिमोलर झालं की कुनैनचा उजेड जवळपास निम्म्यावर येतो. तिच्या नळीत त्याच्या दहापट होतं. सौम्य सल्फ्युरिक आम्ल घेतल्यावर नळी निळीभोर पेटली, कारण सल्फेट या चमकेला धक्का लावत नाही.

ही चूक या प्रकरणातली सगळ्यात कामाची गोष्ट ठरली असं माझं मत आहे. सिलिकॉनच्या गेटमध्ये दोन तारा वेगळ्या असतात, एकीतला करंट दुसरीत सांडत नाही. रसायनात इनपुट म्हणजे बाटलीतला पदार्थ, आणि एकट्या आयनाची बाटली मिळत नाही. प्रत्येक धन आयनाबरोबर एक ऋण आयन येतोच. दोन्ही इनपुट एकमेकांना न छेडता बदलता येतात हे दाखवल्याशिवाय सत्यता-तक्ता ही नुसती चार खणांची रांगोळी. पुस्तकात हे वाचून तिच्या डोक्यात जेवढं गेलं नसतं, तेवढं त्या एका मंद नळीने घातलं.

पुढच्या अडचणी लहान होत्या. पहिली 'शून्य' आम्लाची. नुसत्या पाण्यात कुनैन पूर्णपणे गप्प नसतं, त्याचा एक नायट्रोजन तेव्हाही प्रोटॉन धरून असतो आणि जांभळ्याकडे झुकलेला थोडा उजेड देतो. म्हणून 'शून्य'साठी तिने पाण्याऐवजी धुण्याच्या सोड्याचं पातळ द्रावण घेतलं. दुसरी टॉर्चची. सराफ्यात नोटा तपासायला वापरतात तसा स्वस्त टॉर्च बहुधा 395 नॅनोमीटरचा असतो, त्याचाच जांभळा प्रकाश डोळ्यांत भरतो. 365 चा टॉर्च मागवावा लागला. क्लोराइडसाठी बाबांनी लॅबमधून नॉर्मल सलाइनची बाटली आणून दिली. 0.9 टक्के मीठ, म्हणजे लिटरला 154 मिलिमोल क्लोराइड, आकडा बाटलीवरच छापलेला. दहा मिलिलिटरच्या नळीत एक मिलिलिटर सलाइन टाकलं की फरक डोळ्यांना दिसतो, आणखी टाकलं की नळी विझत जाते.

एक गोष्ट मात्र मी तिला प्रस्तावात स्पष्ट लिहायला लावली : कुनैन हे डिसिल्वांच्या अर्थाने घडवलेलं गेट नाही. त्यात क्लोराइडसाठी पकड नाही. चमकत्या कुनैनवर क्लोराइड आदळतं आणि ऊर्जा निघून जाते, ब्रोमाइड आणि आयोडाइडही हेच करतात. निवड नाही, तर सेन्सर अर्धाच. समितीतल्या मॅडमच्या प्रश्नाचा रोख हाच होता आणि तो रास्त होता.

सेन्सर कुठे आहे

मॅडमच्या प्रश्नाचं उत्तर देण्यासाठी डिसिल्वांच्या कारकिर्दीचा दुसरा धागा हवा होता, आणि तो पुन्हा रक्तापाशीच येतो. बाबांच्या लॅबमधलं मशीन सोडियम-पोटॅशियम इलेक्ट्रोडने मोजतं. त्यात पोटॅशियमसाठी व्हॅलिनोमायसिन नावाचा रेणू बसवलेला असतो. चांगली चालणारी, जुनी पद्धत. मग प्रकाशाने मोजायची गरज कुणाला? ज्यांना मशीन पेशंटच्या खाटेपाशी न्यायचंय त्यांना. इलेक्ट्रोडची निगा ठेवावी लागते. प्रकाशाच्या पद्धतीत एकदाच वापरायची छोटी कॅसेट असते, आत सेन्सरचे ठिपके, रक्त आत घेतलं, उजेड मोजला, कॅसेट फेकून दिली. ऑप्टी नावाची रक्त तपासणीची यंत्रं या तत्त्वावर चालतात, आणि त्यातले सोडियम-पोटॅशियमचे सेन्सर चमकणारा भाग, दुवा आणि पकड या डिसिल्वांच्या आराखड्यावर बांधलेले आहेत. पोटॅशियमचा सेन्सर 2003 मध्ये प्रसिद्ध झाला. तीसपट सोडियमच्या गर्दीतून पोटॅशियम ओळखायचं, म्हणून साधा क्राउन इथर पुरला नाही, चारी बाजूंनी आवळणारी क्रिप्टँडची पकड लागली.

गेटचा धागा समांतर चालू होता. 2000 मध्ये डिसिल्वा आणि नेथन मॅकक्लेनाघन यांनी रेणूंकडून एक अधिक एक करवून घेतलं. 2006 मध्ये त्यांच्या गटाने तीन इनपुटांचं अँड गेट केलं : सोडियम, आम्ल आणि जस्त. तिन्ही पुरेसे असतील तरच उजेड. त्याला त्यांनी एका रेणूतली प्रयोगशाळा म्हटलं. मला हे काम त्या 1993 च्या निबंधापेक्षाही मोलाचं वाटतं. 1993 मध्ये आम्ल आणि सोडियम यांची जोडी उदाहरण म्हणून होती. 2006 मध्ये विचार असा आहे की डॉक्टर तीन आकडे वाचून मनात जो 'आणि' जोडतो, तो रेणूलाच जोडू द्यावा. त्याच वर्षी त्यांनी साधारण दशांश मिलिमीटरच्या प्लास्टिकच्या मण्यांवर वेगवेगळी गेट बसवली आणि आम्ल घालून-काढून कुठला मणी केव्हा चमकतो यावरून मणी ओळखून दाखवले. इतक्या बारीक वस्तूवर सिलिकॉनची चिप चिकटवणं तेव्हा शक्य नव्हतं.

मर्यादा, न लपवता

सुधारित प्रस्तावात तिने एक पान मर्यादांवर लिहिलं. माझ्या मते तेच पान सगळ्यात चांगलं होतं.

या गेटचे इनपुट आयन आणि आउटपुट प्रकाश. त्यामुळे एका गेटचा आउटपुट थेट दुसऱ्याचा इनपुट होत नाही, आणि हजारो गेट जोडून प्रोसेसर करण्याची कल्पना तिथेच अडते. गेट पुन्हा शून्यावर आणायचं तर आम्लावर अल्कली घालावी लागते, दर वेळी मीठ साठत जातं. डीएनए वापरणाऱ्यांनी जोडणीचा प्रश्न बराच सोडवला. संगणकशास्त्रज्ञ अॅडलमन यांनी 1994 मध्ये सात शहरांच्या वाटेचं कोडं डीएनएने सोडवलं, आणि 2011 मध्ये लुलू चियान आणि एरिक विनफ्री यांनी 130 डीएनए धाग्यांनी चार बिटांच्या संख्येचं वर्गमूळ काढलं. त्याला काही तास लागले. वेगात रेणू हरणारच. ते उपयोगी पडतात ते पेशीत, थेंबात, मण्यावर, जिथे तार पोचत नाही.

समितीपुढे

दुसऱ्या बैठकीला तिने चार नळ्या, एक काळा खोका आणि टॉर्च नेला. आधी बाबांचा फोनचा नियम फळ्यावर लिहिला, मग नळ्या दाखवल्या, मग हायड्रोक्लोरिकची मंद नळी पाचवी म्हणून मुद्दाम ठेवली. सरांनी विचारलं, "सलाइन किती घातल्यावर तू 'एक' धरतेस?" हा पहिल्या बैठकीतल्या प्रश्नापेक्षा फार चांगला प्रश्न होता. तिने तीव्रता आणि उजेड यांचा आलेख पुढे केला आणि निम्म्या उजेडाला सीमा धरल्याचं सांगितलं. सीमा कुठे धरायची हे रसायन सांगत नाही, वापरणारा ठरवतो, जशी बाबांची सहाची रेघ.

प्रकल्प मंजूर झाला, पण शीर्षकातून 'लॉजिक गेट' काढून 'आम्ल व क्लोराइड यांना प्रतिसाद देणारी प्रतिदीप्ती' असं करायला सांगितलं. ती खट्टू झाली. मलाही तो बदल पटला नाही, पण नोकरीच्या मुलाखतीत हे शीर्षक जास्त चालेल असं मी तिला सांगितलं, आणि तसंच झालं. पीथमपूरच्या एका औषध कंपनीत क्वालिटी कंट्रोलला तिची निवड झाली. तिथे फ्लुओरोमीटर, म्हणजे अशी चमक मोजणारं यंत्र, रोजचाच.

पुढचा प्रस्ताव

नोकरी करता करता ती पीएचडीचा अर्ज तयार करते आहे. विषय मध्य प्रदेशातल्याच धार आणि झाबुआ जिल्ह्यांकडचा. तिथल्या भूजलात फ्लोराइड जास्त असण्याचा त्रास जुना, दातांवर आणि हाडांवर दिसणारा. पिण्याच्या पाण्याचं भारतीय मानक 1 मिलिग्रॅम प्रति लिटर, दुसरा स्रोत नसेल तर 1.5 पर्यंत. तिची कल्पना अशी की फ्लोराइड या रेघेच्या वर असेल तरच रेणू चमकावा, आणि पाण्याचा पीएच उत्तर बिघडवण्याइतका वेगळा असेल तर त्याने गप्प बसावं. पुन्हा इनहिबिट. बाबांचाच नियम, ट्यूबऐवजी हातपंपावर.

कल्पना चांगली आहे. अडचण अशी की फ्लोराइडचे पुष्कळसे सेन्सर अॅसिटोनायट्राइलसारख्या द्रावकात झकास चालतात आणि पाण्यात गेल्यावर मान टाकतात. पाणी फ्लोराइडला इतकं घट्ट वेढून ठेवतं की पकडीपर्यंत ते पोचतच नाही. म्हणून मी तिला अर्जातला क्रम उलटा करायला सांगितलं आहे : आधी धारच्या बोअरचं पाणी आणायचं, त्यातला कॅल्शियम, बायकार्बोनेट आणि क्लोराइड मोजायचा, आणि पकड त्याच पाण्यात टिकते का ते बघायचं. गेटचं नंतर. तिने पहिल्या तीन गावांचे नमुने आणले आहेत, बाटल्या सध्या बाबांच्या लॅबच्या फ्रिजमध्ये आहेत, आणि बाबांची तक्रार आहे की सॅम्पलच्या ट्रेला जागा उरली नाही.